आधी बोर्डिंग, मग हायस्कूल

नवापूर-नंदुरबार पट्ट्यातल्या साठीपुढच्या माणसाला "कुठं शिकलात?" असं विचारलं, तर तो बहुतेक वेळा शाळेचं नाव सांगत नाही. "बोर्डिंगात," एवढंच म्हणतो. माझी आई बोर्डिंगात शिकली, मीही तिथंच शिकलो. आमच्या भागातल्या लहान ख्रिस्ती हायस्कुलांचा इतिहास या एका शब्दात आहे. आधी मुलांना जेवण आणि छप्पर मिळालं, मग वर्ग भरले, आणि हायस्कूल अगदी शेवटी आलं. हा क्रम लक्षात घेतला नाही, तर या शाळा इतक्या लहान का राहिल्या आणि तरी टिकल्या कशा, हे कळत नाही.

खान्देश 1818 साली इंग्रजांकडे गेला. सातपुड्यातल्या भिल्लांसाठी त्या सरकारनं उभी केलेली पहिली मोठी गोष्ट शाळा नव्हती, पलटण होती. आउट्रम या इंग्रज अधिकाऱ्यानं 1825 मध्ये भिल्ल पलटण काढली, तिचं ठाणं धरणगावला. पुढं 1854 च्या वुडच्या खलित्यानं, म्हणजे शिक्षणाविषयीच्या सरकारी धोरणपत्रानं, खासगी शाळांना सरकारी अनुदानाची वाट मोकळी केली. मिशनच्या शाळा त्याच वाटेनं देशभर वाढल्या. पश्चिम खान्देशातल्या डोंगरपाड्यांपर्यंत मात्र पुढची कित्येक वर्षं त्यातलं काही पोचलं नाही.

मग 1899-1900 चा दुष्काळ आला. संवत 1956, म्हणून लोक त्याला छप्पनचा दुष्काळ म्हणत. पोरकी झालेली मुलं मिशनच्या आवारात आणून ठेवली गेली. पंडिता रमाबाईंनी गुजरातेतून मुली केडगावला नेल्या, त्या याच दुष्काळात. पश्चिम भारतात मिशनचं बोर्डिंग म्हणून जे पुढं रुजलं, त्याचं मूळ अशा अनाथाश्रमांत आहे. त्याच सुमारास सुरतेहून ताप्ती व्हॅली रेल्वे नवापूर, नंदुरबार करत अमळनेरपर्यंत आली आणि जंगलातली गावं एकदम रुळावर आली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अलायन्स मिशनची माणसं या भागात उतरली. फ्रेडरिक फ्रान्सन या स्वीडनमध्ये जन्मलेल्या प्रचारकानं 1890 मध्ये शिकागोत स्कँडिनेव्हियन अलायन्स मिशन काढलं होतं. 1949 साली त्याचं नाव बदललं, पण नंदुरबारच्या एस. ए. मिशन हायस्कूलच्या नावात जुनी आद्याक्षरं आजही आहेत. 1906 मध्ये खान्देशाचे पूर्व आणि पश्चिम असे दोन जिल्हे झाले होते. नवापूर-नंदुरबार पश्चिमेत गेलं, जिल्ह्याचं ठाणं धुळं.

बोर्डिंगची कल्पना एकट्या मिशनची होती असं नाही. शाहू महाराजांनी कोल्हापुरात 1901 पासून वसतिगृहं काढली, भाऊराव पाटलांनी 1924 मध्ये साताऱ्याला. आमच्याच खान्देशात अमळनेरच्या प्रताप हायस्कूलच्या छात्रालयात साने गुरुजी मुलांचं अंथरूण-पांघरूणसुद्धा मायेनं बघत होते. मुंबई सरकारनं 1928 मध्ये नेमलेल्या स्टार्ट समितीत डॉ. आंबेडकर आणि ठक्करबाप्पा दोघेही होते. आदिवासी आणि दलित मुलांसाठी वसतिगृहं आणि शिष्यवृत्त्या हव्यात, असं तिनं 1930 मध्ये सांगितलं. शाळा उघडून भागत नाही, मुलाला राहायला जागा लागते, हे ज्यांनी ज्यांनी गरिबांत काम केलं त्या सगळ्यांना कळलं होतं.

मिशनच्या बोर्डिंगात मुलं बहुधा सातवीपर्यंत शिकत. सातवीची व्हर्नाक्युलर फायनल पास झाली, की मास्तरकी मिळू शकायची. घरच्यांना तेवढं पुरेसं वाटे. पुढं मॅट्रिक करायची, तर धुळं किंवा अमळनेर गाठावं लागे. हायस्कूलचे वर्ग उशिरा जोडले गेले, ते यामुळं.

आई बोर्डिंगात गेली ती साठच्या दशकात. आजोबांनी फी पैशांत कधी भरली नाही. जूनमध्ये ते ज्वारीचं पोतं आणि घरची तूर बैलगाडीत घालून आणत, आणि वॉर्डनबाई ती मापानं मोजून वहीत मांडत. आईची पत्र्याची पेटी अजून घरी आहे. झाकणाच्या आत तिनं खिळ्यानं आपलं नाव कोरलंय, पहिलं अक्षर उलटं. घरी मावची बोलणाऱ्या मुलीला तिथं पुस्तकातली मराठी पहिल्यांदा ऐकू आली. शेजारच्या खाटेवरच्या साक्रीकडच्या मुलीचीही तीच गत. तिचं अहिराणी "काय करी राह्यनी" पेटीत कुलूपबंद, आणि तोंडात "काय करतेस". या मराठीनं आईला नोकरी दिली, हे खरं. आपली बोली चारचौघांत बोलायची लाज तिला तिथंच लागली, हेही खरं, आणि त्याचं मला आजही वाईट वाटतं.

सकाळची घंटा म्हणजे लिंबाला टांगलेला रुळाचा तुकडा. तो वाजला की प्रार्थना, झाडलोट, मग भाकरी. आई सांगते, अमेरिकेहून आलेल्या दुधाच्या भुकटीचे डबे रिकामे झाले की त्यांत मुली कपडे भिजवत.

स्वातंत्र्यानंतर बरंच बदललं. अनुदान घेणाऱ्या शाळेत कुणालाही त्याच्या, किंवा तो अज्ञान असेल तर पालकाच्या, संमतीशिवाय धर्मशिक्षणाला बसवता येत नाही, हे घटनेच्या अठ्ठाविसाव्या कलमानं ठरवलं. तिसाव्यानं अल्पसंख्याकांना आपल्या संस्था चालवायचा हक्क दिला. परदेशी मिशनरी हळूहळू परतले आणि कारभार इथल्याच माणसांकडं आला. 1975 मध्ये अकरावीची मॅट्रिक जाऊन दहावी आली. 1977 च्या कायद्यानं खासगी शाळांतल्या शिक्षकांच्या नोकरीला संरक्षण मिळालं. 1998 मध्ये नंदुरबार वेगळा जिल्हा झाला.

मोठा फरक पाडला तो सत्तरच्या दशकापासून वाढलेल्या सरकारी आश्रमशाळांनी. राहणं, जेवण, वह्या, गणवेश सगळं फुकट. ज्वारीचं पोतं मागणारं बोर्डिंग त्यांच्यापुढं कसं टिकणार? ज्यांना परवडलं त्यांनी मुलं इंग्रजी माध्यमात घातली. शिक्षकांची पदं पटावर ठरतात, म्हणून लहान हायस्कुलाला जूनमध्ये एकेक मूल मोजावं लागतं.

आमच्या शाळेचा पट मात्र जूनमध्ये पुरा होत नाही. दिवाळी झाली की पाड्यांवरची कुटुंबं ऊसतोडीला गुजरातेत निघतात. ट्रक भरायच्या आदल्या दिवशी आईबाप मुलाला घेऊन फाटकाशी येतात, हातात पेटीऐवजी आता रेक्झिनची बॅग. वॉर्डन वर्षाच्या मधेच नाव लिहून घेतात आणि आधी विचारतात, "जेवलास का?"