पाचवे साम्राज्य

पाचवे साम्राज्य : जगाच्या अंतापूर्वी ख्रिस्ताचे राज्य पृथ्वीवर प्रस्थापित होईल आणि ते पोर्तुगालच्या राजाकरवी होईल, ही सोळाव्या-सतराव्या शतकांतील पोर्तुगीज ख्रिस्ती विचारातील श्रद्धा. तिची सर्वांत बांधेसूद मांडणी जेझुइट (येशूसंघ या कॅथलिक धर्मसंघाचा) धर्मोपदेशक आंतोनियो व्हिएरा (१६०८–९७) याने केली. १५७८ मध्ये लढाईत पडलेला पोर्तुगालचा राजा सेबास्तियांव परत येईल या लोकसमजुतीशी (सेबास्तियनवाद) ही श्रद्धा इतकी मिसळून गेली आहे की, दोन्ही एकच मानण्याची पद्धत पडली. वस्तुतः या आशेचे मूळ सेबास्तियांवच्या जन्माआधीचे आहे.

तिला बायबलमधील आधार मुख्यतः दानीएल या पुस्तकाच्या दुसऱ्या अध्यायाचा. नबुखद्नेस्सर राजाच्या स्वप्नातील सोने, रुपे, पितळ व लोखंड यांच्या पुतळ्याचा एक दगड चुराडा करतो आणि त्या दगडाचा पर्वत होऊन सारी पृथ्वी व्यापतो. चार धातू ही चार साम्राज्ये, हा अर्थ सर्वमान्यच होता. व्हिएराच्या गणनेत ती अ‍ॅसिरियन, पर्शियन, ग्रीक व रोमन अशी येतात. दगड म्हणजे त्यांनंतरचे पाचवे साम्राज्य; ते स्वर्गातले राज्य की पृथ्वीवरचे, हा खरा वाद. ऑगस्टीनपासूनची चर्चची प्रस्थापित शिकवण पृथ्वीवरील सहस्रवर्षीय राज्याच्या (ख्रिस्त पृथ्वीवर हजार वर्षे राज्य करील या कल्पनेच्या) विरोधात होती. इटलीतील मठाधिपती योआकिम (मृत्यू १२०२) याच्या (पिता, पुत्र व पवित्र आत्मा यांच्या) तीन युगांच्या सिद्धांतातून, विशेषतः फ्रान्सिस्कन संन्याशांमार्फत, ऐहिक राज्याची आशा आयबेरियात (स्पेन-पोर्तुगालमध्ये) टिकून राहिली असावी.

बांदार्राची पद्ये : या परंपरेचा कणा म्हणजे त्रांकोझू गावचा चांभार गोंसालू आनिश बांदार्रा (सु. १५००–५६) याची पद्ये. ती बहुधा १५३० ते १५४० या दशकात रचली गेली. एक गुप्त राजा प्रकट होईल, तुर्कांचा मोड करील, हरवलेले इस्राएली वंश परत येतील आणि सर्व जग एका धर्माचे होईल, अशी भाकिते त्यांत मेंढपाळांच्या रूपकांतून केली आहेत. बांदार्राने बायबल पोर्तुगीजमधून वाचले होते आणि सक्तीने बाप्तिस्मा झालेले ज्यू, म्हणजे नवख्रिस्ती, त्याच्याकडे शंका घेऊन येत. इन्क्विझिशनला (पाखंडाचा शोध घेणाऱ्या चर्चच्या न्यायासनाला) खटकले ते हेच. १५४१ मध्ये लिस्बन येथे त्याला जाहीर शिक्षाविधीत उभे करून धर्मग्रंथांवर बोलण्या-लिहिण्यास मनाई करण्यात आली.

गुप्त राजाची कल्पना त्याला कोठून मिळाली, याविषयी एकमत नाही. जुआंव लूसियू द आझेव्हेदू याने १९१८ मध्ये ज्यू मशीहाच्या प्रतीक्षेवर भर दिला. दाव्हिद रेऊबेनी हा स्वतःला ज्यू राजाचा दूत म्हणविणारा पुरुष १५२५ मध्ये पोर्तुगालला आला होता आणि त्यामुळे नवख्रिस्ती समाजात मोठी खळबळ उडाली होती, हे त्या मताला पोषक आहे. दुसरे मत स्पेनकडे बोट दाखवते. संत इसिदोरच्या नावावर खपणारी ‘गुप्त राजा’ची भाकिते तेथे आधीपासून प्रचारात होती आणि व्हॅलेन्सियाच्या उठावात त्याच उपाधीने वावरणारा एक म्होरक्या १५२२ मध्ये मारला गेला. पद्यांतील शब्दकळा पाहता दुसरे मत अधिक समर्पक दिसते. मात्र त्या बीजाला खतपाणी नवख्रिस्ती श्रोत्यांनीच घातले, हे नाकारता येत नाही.

सेबास्तियांव : वडिलांच्या मृत्यूनंतर अठरा दिवसांनी, २० जानेवारी १५५४ रोजी जन्मलेला हा राजा सर्वार्थाने नवसाचा होता, वारस नसता तर गादी स्पेनकडे जाण्याची धास्ती होती. ४ ऑगस्ट १५७८ रोजी मोरोक्कोत अल्कासेर-किबीरच्या लढाईत तो अविवाहित व निपुत्रिक मारला गेला आणि १५८० मध्ये धास्ती खरी ठरली. त्याचे म्हणून जे शव लिस्बनजवळच्या बेलेंच्या मठात आहे, त्याच्या थडग्यावरील लॅटिन लेखातही ‘वार्ता खरी असेल तर’ अशी पुस्ती आहे. पुढे किमान चार तोतये निघाले. त्यांपैकी माद्रिगालचा मिठाईवाला गाब्रिएल द एस्पिनोसा १५९५ मध्ये फासावर गेला.

बांदार्राचा गुप्त राजा म्हणजे सेबास्तियांवच, हे समीकरण प्रथम छापून मांडले ते जुआंव द कास्त्रो याने, पॅरिस येथे १६०३ मध्ये. गोव्यात १५४८ मध्ये निवर्तलेल्या त्याच नावाच्या व्हाइसरॉयचा हा नातू. पद्यांचा हाच सर्वांत जुना छापील पाठ, तोही अपूर्ण. संपूर्ण आवृत्ती निघाली १६४४ मध्ये नान्त येथे. ती काढणारा निझाचा मार्किस हा वास्को द गामाचा वंशज आणि चौथ्या जुआंवचा फ्रान्समधील वकील. १ डिसेंबर १६४० च्या उठावाने स्पेनची सत्ता झुगारून हा चौथा जुआंव गादीवर बसला होता. येथे पाठभेद कळीचा ठरतो. राजाचे नाव सांगणाऱ्या ओळीत एक पक्ष ‘जुआंव’ वाचतो, तर दुसरा ‘फुआंव’, म्हणजे ‘अमुक एक’. सगळा फरक पहिल्या अक्षराचा. कास्त्रोला मृत सेबास्तियांव जिवंत ठेवायचा होता, मार्किसला नव्या राजाची सनद हवी होती; मूळ हस्तलिखित उपलब्ध नसल्याने दोन्ही पाठ सावधपणेच घेतले पाहिजेत. ‘चाळीस भरत आले’ या आशयाच्या ओळीचेही तसेच. ती १६४० ला लावली गेली. पण शतकाचा उल्लेख तिथे नाही आणि कवीला आपल्याच काळातील १५४० अभिप्रेत असणे अधिक संभवनीय वाटते. नव्या राजवटीत मात्र इन्क्विझिशनने दोषी ठरविलेल्या या चांभाराला राष्ट्रीय द्रष्ट्याचा मान मिळाला आणि त्रांकोझूच्या चर्चमध्ये त्याच्या थडग्यावर तशा अर्थाचा लेख बसविण्यात आला.

व्हिएरा : चौथा जुआंव १६५६ मध्ये वारला. २९ एप्रिल १६५९ रोजी व्हिएराने आमेझॉनच्या प्रदेशातून जपानचा नियुक्त बिशप आंद्रे फर्नांदिश याला पत्र लिहिले. त्यातील युक्तिवाद असा : बांदार्रा खरा भविष्यवादी होता, जुआंव राजा करील म्हणून त्याने सांगितलेली कृत्ये अजून झालेली नाहीत, ती मृताला करता येत नाहीत, म्हणून राजा मेलेल्यांतून उठेल. आज हे वाचताना गोंधळायला होते, पण व्हिएरा हा दरबारी भाट नव्हता. ब्राझीलमधील मूळ रहिवाशांच्या गुलामगिरीविरुद्ध आणि नवख्रिस्ती लोकांच्या छळाविरुद्ध उभा राहणारा हाच माणूस. त्याच्या साम्राज्यात पोप हा ख्रिस्ताचा आध्यात्मिक प्रतिनिधी, पोर्तुगालचा राजा ऐहिक प्रतिनिधी, आणि ज्यू लोक आपली ओळख पुसली न जाता त्यात सामील व्हायचे होते. अ‍ॅम्स्टरडॅममधील रब्बी मनास्से बेन इस्राएल याच्याशी झालेल्या त्याच्या भेटीचा या विचारावर परिणाम झाला असावा. पोर्तुगीज जहाजांनी अज्ञात लोकांपर्यंत सुवार्ता नेली, म्हणून भाकितांची किल्ली पोर्तुगालकडे, ही त्याची धारणा. बायबलमधील यशया या पुस्तकाचा अठरावा अध्याय तो थेट उत्तर ब्राझीलमधील मारान्यांव प्रांताला लावतो.

कोइम्ब्राच्या इन्क्विझिशनने १६६३ पासून त्याची चौकशी केली, १६६५ मध्ये त्याला कोठडीत घातले आणि डिसेंबर १६६७ मध्ये प्रवचनबंदीची शिक्षा दिली. ती पुढल्याच वर्षी उठली. व्हिएराने विचार सोडला नाही. डिसेंबर १६८८ मध्ये ब्राझीलमधील बाहिया येथे त्याने नवजात राजपुत्राला भावी सम्राट ठरवणारे प्रवचन दिले. मूल सप्टेंबरातच वारले होते, पण बातमी समुद्रापार पोचली नव्हती. ती कळल्यावरही त्याने भाकीत मागे घेतले नाही, समर्थन लिहिले. त्याचा मोठा लॅटिन ग्रंथ अपुरा राहिला.

पुढील काळात ईशान्य ब्राझीलमध्ये या आशेने वेगळे, कधी रक्तरंजित वळण घेतले (पेद्रा बोनिता येथील नरबळी, १८३८).

भारतातील पडसाद : येथील पुरावा तुटपुंजा आहे. कोचीन येथे १६४५ मध्ये मरण पावलेला जेझुइट बंधू पेद्रू द बास्तू याला पोर्तुगीज सत्तेच्या भवितव्याविषयी दृष्टान्त होत, असे मानले जाई. गोव्यातील जेझुइट फर्नांव द केइरोश याने त्याचे चरित्र लिहिले. ते लेखकाच्या मृत्यूनंतर १६८९ मध्ये लिस्बन येथे छापले गेले. डचांकडून झालेले पराभव ही पापांची शिक्षा आणि पश्चात्तापानंतर उद्धार, असा त्यातील सूर आहे.