हललं नाही तरी टी. रेक्सला दिसतंच

"टायरानोसॉरस रेक्स (टी. रेक्स) या डायनोसॉरसमोर पुतळ्यासारखं उभं राहिलं, तर त्याला आपण दिसत नाही." 1993 साली आलेल्या एका गाजलेल्या चित्रपटापासून ही समजूत लोकांच्या डोक्यात घट्ट बसली आहे. ती साफ चुकीची आहे, आणि इतक्या अफाट शिकाऱ्यावर अन्याय करणारीही.

पुरावा त्याच्या कवटीतच आहे. ती समोरून पाहा: मागे प्रचंड रुंद, पण डोळ्यांपुढे एकदम निमुळती. नाकाडाच्या दोन्ही बाजू खोलगट, जणू नजरेसाठी वाट मोकळी करून दिलेली. त्यामुळे दोन्ही डोळे एकाच वेळी समोर रोखता येत. ओरेगॉन विद्यापीठाच्या केंट स्टीव्हन्स यांनी चेहऱ्याच्या प्रतिकृतीवरून हे मोजलं आणि 2006 मध्ये प्रसिद्ध केलं. दोन्ही डोळ्यांना एकाच वेळी दिसणारा टापू सुमारे 55 अंशांचा भरला, म्हणजे शिकरा या शिकारी पक्ष्याच्या जातीतल्या आजच्या पक्ष्यांपेक्षाही जास्त! अशा नजरेला अंतराचा अंदाज येतो आणि झाडोऱ्यात स्तब्ध उभं जनावरही वेगळं ओळखता येतं.

शिवाय नाक होतंच. कवटीतल्या मेंदूच्या पोकळीवरून कळतं की वास ओळखणारा भाग त्याच्यात चांगलाच मोठा होता. क्रिटेशियस या डायनोसॉरच्या शेवटच्या कालखंडाच्या अखेरीस, 6.6 कोटी वर्षांपूर्वी, श्वास रोखून उभ्या राहिलेल्या एडमोंटोसॉरस या शाकाहारी डायनोसॉरचा वास काही थांबत नव्हता.