देवीची दोन नावं आणि गोल खिडकी

पावसाळ्यात मुंबईच्या आरेतल्या किंवा बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानालगतच्या इमारतींत, जिन्यातल्या दिव्याशी तळहाताएवढा पतंग बसलेला दिसला, की फोटो ‘अ‍ॅटलस’ या मोठ्या पतंगाचा म्हणून फिरतो. तो टसर, म्हणजे टसर रेशीम देणारा पतंगही असू शकतो. पंखांवरच्या पारदर्शक खिडक्या बघा: अ‍ॅटलसच्या तिकोनी, टसरच्या गोल. तिथे खवले नसतात, म्हणून आरपार दिसतं. शिवाय अ‍ॅटलसच्या पुढच्या पंखांची टोकं नागाच्या फडीसारखी दिसतात, टसरची नाही.

‘टसर’चं मूळ ‘तसर’, म्हणजे संस्कृतात विणकराचा, आडवा धागा नेणारा धोटा. लांबट कोशाचा आकार तसाच, म्हणजे हे नाव पतंगाचं नव्हे, त्याच्या घराचं. विदर्भात या कोशाला कोसा म्हणतात. शास्त्रीय नावांची गंमत वेगळी. स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने १७५८ साली ‘पाफिया’ हे नाव दिलं, इंग्रज कीटकसंग्राहक ड्रूरीने १७७३ साली ‘मायलिट्टा’. पाफोस हे सायप्रसमधलं अफ्रोडायटी या ग्रीक प्रेमदेवतेचं ठाणं. आणि असिरियन लोक तिलाच मायलिट्टा म्हणतात, असं ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने लिहून ठेवलंय. देवी एकच! पतंगाची जात मात्र एक की दोन, यावर अभ्यासकांचं एकमत नाही, त्यामुळे पुस्तकागणिक नाव बदलतं.

अळी ऐन, अर्जुन, बोर यांचा पाला खाते, चार वेळा कात टाकते आणि मग कोसा विणते. आधी फांदीभोवती रेशमाची कडी, तिला चिवट देठ, देठाला कोसा. नुसत्या पानाला चिकटवला असता तर पानगळीत तोही खाली आला असता.

असा कोसा वाटेत पडलेला मिळाला तर बाटलीत ठेवू नका. देठाला दोरा बांधून उभा टांगा, शेजारी खरबरीत काठी किंवा जाड कापड लावा, खाली कागद पसरा. पतंग कोशाला दातांनी भोक पाडत नाही. तोंडातून पाझरणाऱ्या द्रवाने रेशमाचा डिंक सैल करून बाहेर पडतो. मग त्याला लटकायला जागा हवीच, कारण चुरगळलेल्या पंखांत रक्तद्रव भरून ते खाली लोंबत पसरतात. गुळगुळीत काचेवरून घसरला तर पंख तसेच वाळतात, पुन्हा सरळ होत नाहीत. कागदावर पडणारा तपकिरी द्रव रक्त नसतो, कोशातला साठलेला मळ असतो.

साखरपाणी देऊ नका, त्याचं तोंड खाण्याजोगं नसतंच. अळीपणी साठवलेल्या चरबीवर आठवडाभर निभतं. पंख वाळले की रात्री गॅलरीतला दिवा मालवून बाहेर ठेवा. मिशा रुंद पिसासारख्या असतील तर तो नर, उडून जाईल. बारीक असतील तर मादी. ती गंध सोडत जागीच बसून राहते आणि नर तिला शोधत येतात.