दिमित्सानाचं पाणी: पार्श्वभूमी

ग्रीसमध्ये पाणीवाटपाचे नियम फार जुने आहेत. इ.स.पू. सहाव्या शतकाच्या सुरुवातीला अथेन्सच्या सोलोनने केलेला कायदा प्राचीन ग्रीक चरित्रकार प्लुटार्कने लिहून ठेवलाय. सार्वजनिक विहीर चार स्टेडियाच्या आत, म्हणजे साधारण पाऊण किलोमीटरवर असेल तर तीच वापरायची, लांब असेल तर स्वतःची खणायची, आणि दहा वाव, म्हणजे साधारण अठरा मीटर खणूनही पाणी लागलं नाही तर शेजाऱ्याकडून दिवसातून दोनदा घागर भरून न्यायचा हक्क. मला हे शेवटचं कलम सगळ्यात आवडतं, आधी स्वतः खणून बघ म्हणतात पण कोरड्या जमिनीवाल्याला तहानलेलं ठेवत नाहीत. पुढे अथेन्समध्ये बहुतेक पदं चिठ्ठ्या टाकून भरायचे, पण झऱ्यांवरचा अधिकारी मात्र मतदानाने निवडायचे, अॅरिस्टॉटलनेच तसं नोंदवलंय.

आता दिमित्साना. पेलोपोनीजमधल्या आर्केडियातलं हे डोंगरी गाव साधारण ९५० मीटरवर आहे आणि लूसिओस नदी खाली खोल घळीत, त्यामुळे सगळी भिस्त झऱ्यांवर. झऱ्याचं पाणी पाटाने आणायचं आणि उतारावर त्याच्याकडून काम करून घ्यायचं. पिठाच्या पाणचक्कीत पाणी उंचावरून जोरात आडव्या चाकावर पडतं, चाकाचा दांडा सरळ वरच्या जात्याला जोडलेला, मध्ये दातेरी चाकं वगैरे काही नाही, म्हणून पाणी कमी असलं तरी चालतं आणि दुरुस्ती गावातच होते. शेजारी लाकडी पिंपात पाण्याची धार सोडून भोवरा करायचा आणि त्यात लोकरीची जाड कांबळी टाकायची, ती फिरून फिरून घट्ट आणि मऊ होतात. चामडं कमवायलाही हेच पाणी.

आणि बंदुकीची दारूसुद्धा! पाण्याच्या चाकावर लाकडी मुसळं उचलून उखळात मिश्रण कांडायचे. १८२१ मध्ये ऑटोमन सत्तेविरुद्ध युद्ध सुरू झालं तेव्हा ग्रीक सैन्याला इथून दारू जायची, सेनापती कोलोकोत्रोनिसने आठवणींत दिमित्सानाचं नाव घेतलंय. स्वातंत्र्ययुद्धाच्या गोष्टीत तलवारी आणि सरदार असतात, पाट साफ करणारी माणसं नसतात, ती यायलाच हवीत असं मला मनापासून वाटतं.

विसाव्या शतकात वीज आली, लोक शहरांकडे गेले आणि चक्क्या थांबल्या. १९९७ मध्ये तिथे जलशक्तीचं खुलं संग्रहालय सुरू झालं, जुनी यंत्रं दुरुस्त केली आणि ती आज पाण्यावरच चालवून दाखवतात.