पार्श्वभूमी : ‘मुंगीखाऊ’ या नावाचा गुंता

राधानगरी, गगनबावडा किंवा शाहूवाडीच्या डोंगरात वारुळाच्या बुडाशी ताजी उकरलेली माती दिसली आणि तिच्यात खोल, लांब नखांचे ओरखडे उमटलेले असले, की जाणता गुराखी खवले मांजराचे नाव घेतो. हाच प्राणी कुणाच्या ताब्यातून सोडवला गेल्याची बातमी छापली जाते, तेव्हा मात्र त्याचा कधीकधी ‘मुंगीखाऊ’ होतो आणि दक्षिण अमेरिकेतल्या झुपकेदार शेपटीच्या, अंगावर एकही खवला नसलेल्या प्राण्याची माहिती त्याच्या नावावर जमा होते. हा घोळ वार्ताहरांनी घातलेला नाही. तो अडीचशे वर्षांपूर्वी, प्राण्यांचे वर्गीकरण करणाऱ्यांच्याच हातून सुरू झाला.

१७५८ सालच्या लिनियसच्या प्रसिद्ध वर्गीकरणात खवले मांजर, अमेरिकी मुंगीखाऊ आणि स्लॉथ (अमेरिकेतला, झाडाला लोंबकळणारा संथ प्राणी) हे एकाच गणात बसवले गेले आणि त्यांच्या पंगतीला चक्क हत्तीही होता. पुढे हत्ती बाहेर पडला आणि उरलेल्यांसाठी ‘दंतहीन’ असा गट रूढ झाला, जरी त्यातल्या स्लॉथला आणि आर्माडिलोला (अंगावर कवच असलेल्या अमेरिकी प्राण्याला) दात होतेच. लांब नखे, चिकट जीभ आणि नसलेले किंवा कमी दात एवढ्यावर नाते ठरवण्याची ही सवय किती दूर गेली, याची दोन उदाहरणे एकाच इंग्रज प्राणिशास्त्रज्ञाने घालून दिली. १७९१ मध्ये त्याने आपल्याकडच्या अस्वलाची नोंद स्लॉथच्या कुळात केली, कारण त्याची नखे लांब होती आणि वरच्या जबड्यातले पुढचे दोन दात नव्हते. वाळवी ओढून घेण्यासाठी ही फट उपयोगी पडते, हे नंतर ध्यानात आले. पुढच्याच वर्षी त्याने ऑस्ट्रेलियातल्या अंडी घालणाऱ्या काटेरी एकिड्नाला मुंगीखाऊच्या प्रजातीत टाकले. अस्वलाची चूक लवकरच दुरुस्त झाली, पण इंग्रजी नावात स्लॉथ राहिला तो राहिलाच.

जनुकांचा अभ्यास सुरू झाल्यावर हा ‘दंतहीन’ संसार पुरता विस्कटला. अमेरिकी मुंगीखाऊ स्लॉथ आणि आर्माडिलो यांच्या घरात राहिला. आफ्रिकेचा वाळवीखाऊ आर्डवार्क हत्तीच्या दूरच्या भाऊबंदांत गेला. आणि खवले मांजराचे सर्वांत जवळचे नातेवाईक निघाले ते मांजर, कुत्रा, अस्वल हे मांसाहारी. म्हणजे सह्याद्रीतल्या ज्या नावाला अडाणी समजून हसले गेले, ते ‘मुंगीखाऊ’पेक्षा खरे ठरले, असे म्हणायला हरकत नाही. ‘कीटकभक्षी’ या जुन्या गणाचीही अशीच फाळणी झाली, पण आपली चिचुंद्री उंदीर नव्हे एवढे तरी त्या गणाने शिकवले होते.

आयुर्मानाच्या बाबतीत एकाच आहाराचे हे प्राणी एकमेकांपासून किती लांब आहेत, ते चिचुंद्रीपासूनच दिसते. भिंतीच्या कडेकडेने चिरकत जाणारी, पिलांना एकामागे एक शेपटीच्या मुळाशी धरून आगगाडीसारखी नेणारी ही मादी दीड-दोन वर्षांत संपते, कारण तिच्या शरीराची भट्टी सतत पेटती असते आणि काही तास उपाशी राहणेही तिला परवडत नाही. उलट मुंग्या आणि वाळवी हे मातीमिश्रित, कमी उष्मांकाचे अन्न. त्यावर जगणारे मोठे प्राणी शरीराचे तापमानच उतरवून ठेवतात. मोठ्या मुंगीखाऊचे तापमान ३३ अंश सेल्सिअसच्या आसपास असते, आणि शिपाई मुंग्या गोळा होण्याआधी तो एका वारुळावरून दुसऱ्याकडे सरकतो. बंदिवासात तो २५ वर्षांपलीकडे, आपले अस्वल ४० पर्यंत, तर एकिड्ना ५० च्या जवळ पोहोचला आहे. कीटक खाणारे, जेमतेम ७ ग्रॅमचे एक वटवाघूळ सायबेरियात ४१ वर्षांनी पुन्हा हाती लागले होते. तिथे मात्र दीर्घ शीतनिद्रेचा वाटा मोठा आहे.

भारतीय खवले मांजराच्या नावावर बंदिवासातली १९ वर्षे सांगितली जातात. हा आकडा जपून वापरावा, कारण पिंजऱ्यात आलेली बहुतेक खवले मांजरे पर्यायी अन्नावर टिकली नाहीत. दात नसलेला हा प्राणी गिळलेल्या खड्यांच्या साहाय्याने पोटातच मुंग्या दळतो; त्याची जीभ थेट छातीच्या तळापासून निघते; दिवसा तो बिळात झोपतो आणि तोंड आतून मातीने बुजवतो. मादी सहसा एका वेळी एकच पिलू देते आणि ते शेपटीच्या बुंध्यावर बसवून फिरवते.

पिलांच्या याच मंद गतीमुळे शिकार आणि खवल्यांच्या व्यापाराविषयीच्या अलीकडच्या निर्णयांना महत्त्व आले. भारतात १९७२ च्या वन्यजीव कायद्याने हा प्राणी पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वाधिक संरक्षणाच्या यादीत आहे. वन्यजीवांच्या व्यापाराविषयीच्या ‘सायटिस’ या आंतरराष्ट्रीय करारात मात्र आशियातल्या जाती १९७५ पासून दुसऱ्या परिशिष्टात, म्हणजे नियंत्रित व्यापाराच्या यादीत होत्या. २००० साली रानातून पकडलेल्या आशियाई खवले मांजरांच्या व्यापाराचा कोटा शून्य केला गेला. बंदी तर घातली, पण पहिले परिशिष्ट, म्हणजे व्यापारबंदीची यादी, दिले नाही, हा तो वादग्रस्त मध्यममार्ग. कागदावर शून्य आणि गोदामात जुना साठा, अशा व्यवस्थेत नव्या खवल्यांना जुने म्हणून चालवणे सोपे गेले आणि मागणीचा रोख आफ्रिकेकडेही वळला. आठही जातींना पहिले परिशिष्ट मिळायला २०१६ ची जोहान्सबर्गची परिषद उजाडावी लागली. सोळा वर्षे हा, वर्षाला जेमतेम एक पिलू देणाऱ्या प्राण्यासाठी, थोडका काळ नव्हे.

२०२० मध्ये चीनने औषधी द्रव्यांच्या अधिकृत यादीतून खवले वगळले, तरी काही तयार औषधांच्या पाककृतींत ते शिल्लक राहिले. खवला म्हणजे केराटिन, आपल्या नखांचेच द्रव्य, हे तेव्हाही सर्वांना ठाऊक होते. त्याच वर्षी चिपळूणजवळच्या एका गावाने ‘खवलोत्सव’ भरवून या प्राण्याची पालखी काढली. घाटाच्या वरच्या अंगाला, दाजीपूरच्या जंगलाला १९५८ पासून अभयारण्याचा दर्जा आहे. पण ते गव्यांच्या नावाने ओळखले जाते, आणि रात्री वारूळ फोडणारा हा शेजारी तिथल्या पर्यटकाच्या यादीत क्वचितच असतो.