मेणाची व्हीनस आणि काचेचं गर्भाशय

फ्लॉरेन्सच्या ‘ला स्पेकोला’ संग्रहालयात काचेच्या पेटीत मेणाची एक तरुणी निजलेली आहे. हीच ती ‘व्हीनस’. खरे केस, गळ्यात मोत्यांची माळ. छाती-पोटाची त्वचा झाकणासारखी उचलता येते. खाली फुप्फुसं, हृदय, आतडी असे एकेक अवयव सुटे होत जातात आणि शेवटी गर्भाशयात इवलासा गर्भ दिसतो. क्लेमेंते सुसिनीने ती १७८०च्या सुमारास घडवली. तेव्हा शीतपेट्या नव्हत्या, विच्छेदनाचं प्रेत चार दिवसांत सडायचं. त्यावरून प्लास्टरचा साचा काढून रंग मिसळलेलं मेण ओतलं, की अवयव कायमचा हाताशी.

कारागिरीला तोड नाही. पण या बाईला दिवस गेलेत हे बाहेरून कुणाला कळणार नाही. आणि अडलेलं बाळंतपण कसं सोडवायचं, हे तिच्याकडे पाहून कुणी शिकलं असेल असं मला तरी वाटत नाही.

ते शिकवण्याची सोय आधीच इटलीतल्याच बोलोन्या शहरात झाली होती. जिओव्हान्नी आंतोनिओ गाल्ली या शल्यचिकित्सकाने माती आणि मेणाची गर्भाशयं करवून घेतली होती. त्यांतली काही आन्ना मोरांदी आणि तिचा नवरा जिओव्हान्नी मांझोलिनी यांच्या हातची. कुठे मूल डोक्याकडून, कुठे पायाळू, कुठे आडवं, कुठे जुळी. दिसायला ओबडधोबड, पण हेतू पक्का. त्याच्याकडे शल्यचिकित्सक यायचे तशा सुइणीही यायच्या, आणि त्यांतल्या बऱ्याच जणींना वाचता येत नसे.

गाल्लीची खरी करामत म्हणजे काचेचं गर्भाशय. शिकणाऱ्याच्या डोळ्यांवर पट्टी बांधायची आणि आतलं मूल नुसत्या स्पर्शाने बाहेर काढायला लावायचं. हात कुठे चुकतोय हे बाकीच्यांना काचेतून दिसे. प्रत्यक्षातही आतलं काही दिसत नाहीच. आडवं मूल तसंच बाहेर येऊ शकत नाही. आत हात घालून पाय शोधायचा आणि मूल फिरवायचं. बोटांना लागला तो बाळाचा हात की पाय, हे ओळखायची खूण साधी: पायाला टाच असते. सिझेरियन म्हणजे आईचा मृत्यू जवळपास ठरलेला, अशा काळात या खुणेवर जीव अवलंबून असे. आज ही रीत उरलीय ती मुख्यतः जुळ्यांतल्या दुसऱ्या बाळापुरती.

पोप चौदाव्या बेनेडिक्टने १७५७ मध्ये हा संग्रह विकत घेऊन बोलोन्याच्या विज्ञान संस्थेला दिला. आता तो तिथल्याच पालाझ्झो पोज्जी या संग्रहालयात आहे. १७८२ मध्ये त्या संस्थेत प्रसूतिशास्त्राचा प्राध्यापक झाला लुईजी गाल्वानी. मेलेल्या बेडकाचे पाय विजेने उडवणारा, तोच!