प्रोफेसरचा बेत आणि मेंदूचा अंदाज

‘मनी हाइस्ट’ या दरोड्यावरच्या स्पॅनिश मालिकेबद्दल ‘ती बघताना डोपामिन वाढतं, म्हणून ती सुटत नाही’ असं हल्ली सर्रास ऐकू येतं. डोपामिन म्हणजे आनंदाचं रसायन हा समज इतका पक्का झालाय, की लोक ‘डोपामिन उपास’ही करू लागलेत. मोबाइल बाजूला ठेवणं चांगलंच, पण त्यानं मेंदूतलं डोपामिन संपत नाही आणि संपूही नये. पार्किन्सनच्या आजारात ते घटतं, तेव्हा साधा हात उचलणंही अवघड होतं.

मग डोपामिन करतं काय? 1990च्या दशकात स्वित्झर्लंडमध्ये वोल्फ्राम शुल्ट्झ यांनी माकडांच्या मध्यमेंदूतल्या डोपामिन पेशींचे संकेत टिपले. अचानक रसाचा थेंब मिळाला की पेशी जोरात चेतायच्या. दिवा लागल्यावर रस मिळतो हे माकड शिकलं, की त्या दिवा लागतानाच चेतायच्या. नंतर रस मिळाला तरी फरक नाही. दिवा लागून रस आलाच नाही, तर रसाच्या नेमक्या वेळी पेशी गप्प! म्हणजे हा हिशेब आनंदाचा नाही, अंदाज किती चुकला याचा आहे.

2003 सालचा पुढचा प्रयोग मला त्याहून आवडतो. खूण दिसल्यावर रस मिळण्याची शक्यता कधी शून्य, कधी 25, 50, 75, तर कधी 100 टक्के ठेवली. खूण आणि रस यांच्या मधल्या दोन सेकंदांत पेशींची हालचाल हळूहळू चढत जायची, आणि सगळ्यांत जास्त चढायची 50 टक्क्यांना. खात्री असली तर चढ नाही, आशाच नसली तरी नाही.

माकडांवरचा निष्कर्ष प्रेक्षकांना जसाच्या तसा लावता येत नाही, हे मान्य. तरी मालिकेचा पहिला सीझन याच मापानं बांधलाय असं मला ठामपणे वाटतं. माद्रिदच्या टांकसाळीतून पैशांच्या पिशव्या घेऊन दरोडेखोर दाराबाहेर येतात, पोलिसांना बघून माघारी पळतात. फसले बिचारे! मग कळतं, फसल्यासारखं दिसणं हाच बेत होता; नोटा छापायला वेळ हवा होता. असंच दर वेळी झालं असतं, तर दरोड्याचा बेत आखणारा प्रोफेसर म्हणजे माकडाचा दिवा झाला असता आणि आपण जांभया दिल्या असत्या. म्हणून तर आत शहरांची टोपणनावं घेतलेली आठ तापट माणसं ठेवलीत. रिओला गोळी चाटून जाते आणि टोकियो थेट पोलिसांवर गोळ्या झाडते. ‘रक्त सांडायचं नाही’ हा नियम पहिल्याच एपिसोडमध्ये मोडतो.

स्पेनच्या वाहिनीवर 2017 मध्ये हा सीझन साधारण 70 मिनिटांच्या 9 एपिसोडमध्ये दाखवला होता. नेटफ्लिक्सनं कापून त्याचे 13 केले. म्हणजे जीव टांगणीला लावणारे चार शेवट वाढले. बर्लिन डेन्व्हरला ओलीस ठेवलेल्या मोनिकाला मारायला सांगतो, गोळीचा आवाज येतो, आणि तिच्या मांडीत गोळी घालून त्यानं तिला लपवलंय हे कळेपर्यंत रात्रीचे दोन वाजले तरी रिमोट हातातून सुटत नाही.